तुंगमन सरांचा उकार

नांदेडात रेणुकादास पेशकार कुठं राहतात असं विचारलंत, तर रिक्षावाला डोकं खाजवेल. ‘तुंगमन सर’ म्हणालात, की वजिराबादेत थेट दाराशी आणून सोडेल आणि वर सांगेल, “मला भूगोल होता सरांचा. नापास केलंतं मला.” सरांनी जन्मभर शाळेत भूगोल शिकवला आणि शाळा सुटल्यावर नाटकं बसवली. गावानं मात्र त्यांना नाव ठेवलं ते यातल्या कशावरूनच नाही, एका चिनी माणसावरून ठेवलं.

हा चिनी माणूस म्हणजे तुंग मन. आधी शांघायचा नट, मग हाँगकाँगचा दिग्दर्शक. गेलं शतक मध्यावर होतं तेव्हाचा. नांदेडातल्या तीन पिढ्यांना त्याचं चरित्र तोंडपाठ आहे, आणि त्यातल्या एकानंही त्याचा एकही सिनेमा पाहिलेला नाही. सरांनीही नाही. कुणी आगाऊपणानं तसं विचारलंच तर सर म्हणत, “देव तरी कुणी पाह्यला?” आणि विषय मिटे.

चरित्र असं. यांगत्से नदीच्या काठी एका खेड्यात जन्म, बाप नावाडी. पोरगा घरात भांडून शांघायला पळाला आणि स्टुडिओत पडदे रंगवायला लागला. एक दिवस नट आला नाही म्हणून रंगाच्या हातांनीच त्याला उभा केला, आणि तिथून तो नट झाला. राजे, सेनापती त्यानं केले नाहीत. रिक्षा ओढणारा, शिंपी, मास्तर, अशी साधी माणसं केली. शांघाय त्याच्यावर जीव ओवाळून टाकत होतं. मग लढाई आली, राज्य पालटलं. आणि ऐन बहरात, टाळ्या अजून कानात वाजत असताना तुंग मननं तोंडाचा रंग पुसला, हाँगकाँग गाठलं आणि तो कॅमेऱ्याच्या मागं जाऊन उभा राहिला. पुन्हा म्हणून त्यानं कॅमेऱ्याला तोंड दाखवलं नाही. इथं सर थांबत, चष्मा काढत, पुसत आणि म्हणत, “टाळ्या सोडायला जिगर लागते. दुसऱ्याला उभं करायचं तर आपण बसायला शिकावं लागतं.”

भूगोलाच्या तासाला चीनच्या नद्या आल्या, की हे चरित्र आलंच. सहामाहीला एका पोरानं ‘यांगत्से नदीचे महत्त्व सांगा’ याचं उत्तर ‘तिच्या काठी तुंग मन जन्मला’ असं लिहिलं होतं. सरांनी त्याला पूर्ण गुण दिले आणि हेडमास्तरांनी सरांना बोलावून घेतलं.

हे चरित्र सगळ्यात जास्त वेळा कुणी ऐकलं असेल तर ते चंद्रप्रभाबाईंनी, म्हणजे सरांच्या बायकोनं. आणि खरं सांगायचं तर त्यांना त्या तुंग मनचा भारी राग होता. सवतीचा नसेल इतका.

कारण चंद्रप्रभाबाई उदगीरच्या, आणि त्यांनी लग्नाआधी रेणुकादासाला पाहिलं होतं ते उदगीरच्या मांडवात, नाटकात. दोन बहिणींना घेऊन वडिलांच्या मागं लागून गेल्या होत्या. हा काटकुळा पोरगा रंगमंचावर आला, दारात जरासा थांबला आणि आत आला, एवढंच त्यानं केलं, पण चंद्रप्रभेला वाटलं की आपल्याच घरात कुणीतरी आलं. पुढं स्थळ चालून आलं तेव्हा वडील म्हणाले, मुलगा मास्तर आहे, पगार बेताचा. ती म्हणाली, चालेल. मास्तर असल्याचं तिनं नीट ऐकलंही नव्हतं.

तर नट बघून लग्न केलं आणि पदरात पडला दिग्दर्शक. तोही असा, की स्वयंपाकघर सोडत नाही. “प्रभा, चहा घेऊन आलीस ते ठीक हाय, पण दारात थांबली का न्हाईस? एंट्री हाय ती.” चंद्रप्रभाबाई म्हणत, “थांबले असते तर चहा निवला असता.” भांड्याला भांडं लागलं तरी सर विचारत, हा आवाज रागाचा का घाईचा? सून घरात आली तेव्हा तिला उंबऱ्यावरचं माप ओलांडायला तीनदा लावलं, तिसऱ्यांदा बरं झालं म्हणाले.

आता हे सगळं कसं झालं ते चंद्रप्रभाबाईंना ठाऊक होतं आणि जग विसरून गेलं होतं. लग्नानंतरच्या पहिल्याच हिवाळ्यात लातूरला नाटक होतं. रेणुकादास त्यात तरुण वकील झाला होता. नवी नवरी त्याला न कळवता येऊन तिसऱ्या रांगेत बसलेली, अंगावर मोरपंखी पैठणी. पहिले दोन अंक झक्क झाले. तिसऱ्या अंकात वकील कोर्टापुढं उभा राहिला, तोंड उघडलं, आणि शब्दच आला नाही. विंगेतून प्रॉम्प्टर ओरडून राहिला, पुढच्या रांगांना ऐकू गेलं, याला नाही. मांडव आधी गप्प झाला, मग खाकरायला लागला. आणि मागून कुणीतरी खणखणीत आवाजात म्हणालं, “घंटा द्या हो! सोडा पोराला घरी!” शाळा सुटल्यासारखा सगळा मांडव हसला. पडदा पाडावा लागला.

आठवडाभर रेणुकादास घरात बोलला नाही. मग एक दिवस नाट्यमंडळाच्या बैठकीत उभा राहिला आणि तुंग मनची गोष्ट सांगितली, टाळ्यांवर पाठ फिरवल्याची. म्हणाला, आजपासून मीही दिग्दर्शन करणार. मंडळी भारावली. घरी येऊन हीच गोष्ट त्यानं बायकोलाही सांगितली. तिनं ऐकून घेतली. झाकली मूठ सव्वा लाखाची. ती उघडून नवऱ्याला काय सव्वा रुपया दाखवायचा? ती मूठ तिनंही आपल्या हातानं धरून ठेवली, केस पांढरे होईपर्यंत. पण एक इच्छा तिच्या मनातून गेली नाही. हा माणूस दारात थांबून आत येतो ते आपल्याला एकदा, मरायच्या आधी एकदा, पुन्हा तिसऱ्या रांगेतून बघायचंय. देवाकडं तिनं याहून मोठ्या गोष्टी मागितल्या होत्या आणि देवानं त्या दिल्याही होत्या. ही मात्र देवाच्या हातातली नव्हती, तुंग मनच्या हातातली होती.

मौज अशी, की तुंग मन घरात आला तो सरांच्या वडिलांमुळं. त्यांना सगळे तात्या म्हणत. तात्या निजामाच्या राजवटीत उर्दूत शिकलेले, कचेरीत उर्दूत लिहिलेले. राजवट गेली तरी हैदराबादेहून येणारं सिनेमाचं उर्दू मासिक त्यांनी सोडलं नाही. त्या काळी चीनशी आपलं मेतकूट होतं, म्हणून मासिकात तिकडचे नट-दिग्दर्शक छापून येत. एका अंकात शांघायच्या नटाचा लेख आला, फोटोसह. तीनचार वर्षांनी दुसऱ्या अंकात हाँगकाँगच्या दिग्दर्शकाचा आला, तोही फोटोसह. तात्या दिवाणखान्यात मोठ्यानं वाचत आणि लहानगा रेणुकादास पोटावर पालथा पडून ऐके. दुसरा लेख वाचताना तात्या थबकले, जुना अंक काढून बघितला आणि म्हणाले, “अरे, हा तर तोच. नट होता, आता हुकूम सोडायला लागला.” गोष्टीतली मधली दरी बापानं थोडी बुजवली, उरलेली पुढं लेकानं.

पुढं चीनशी लढाई झाली तेव्हा वर्गातली पोरं रेणुकादासाच्या मागं लागली, तुझा चिनी काका सोड म्हणून. त्यानं उत्तर दिलं, “तो हाँगकाँगला हाय. तिकडं इंग्रजांचं राज्य हाय. आपली लढाई त्याच्याशी न्हाई.” भूगोलाचा मास्तर तो तेव्हाच झाला म्हणायचा.

ते दोन फोटो आजही दिवाणखान्यात शेजारी शेजारी टांगलेले आहेत. डावीकडं मोकळ्या तोंडाचा, हसरा तरुण. उजवीकडं टोपी, काळा चष्मा, कॅमेऱ्यामागून निम्मा दिसणारा माणूस. चंद्रप्रभाबाई फोटो पुसताना कधी कधी म्हणत, “काहो, माणसाचे कान बदलतात का?” सर म्हणत, “समुद्राकाठची हवा दमट असती.”

असं सगळं सुरळीत चाललं असताना यंदा आप्पासाहेब पडले.

आप्पासाहेब म्हणजे अर्धापूरचे केळीवाले शेतकरी आणि सरांच्या मंडळाचा हुकमी नट. तालमीला जीप घेऊन येणार, मागं केळीचा घड टाकून, आणि नाटक कसं का होईना, मंडळ केळी खाऊन धष्टपुष्ट. यंदाचं नाटक सरांनीच लिहिलेलं, स्पर्धेचा प्रयोग लातूरला. गोष्ट एका म्हाताऱ्या स्टेशनमास्तरची. छोटी गाडी बंद झाली, रूळ उपटून नेले, तरी हा रोज टोपी घालून फलाटावर उभा राहतो आणि येणाऱ्या जाणाऱ्याला गाडीची वेळ सांगतो. आप्पासाहेब त्यात असे शोभत होते, की जणू रेल्वेनंच पाठवले. आणि प्रयोग तोंडावर आला असताना ते पाय मोडून बसले. केळीच्या सालीवरून घसरून नव्हे, याची नोंद घ्यावी. घड भरलेल्या ट्रॉलीवरून उतरताना पाय चुकला.

सर बघायला गेले. आप्पासाहेब पलंगावर, पाय उशीवर. “सर, लई दुखून राहिलं. पर त्याचं काय न्हाई. माझं काम तुमीच करा.”

“मी?”

“समदे डायलॉग तुमचेच हायत. तुमीच लिवले. दुसऱ्या कुनाला आता पाठ व्हनार हायत?”

सरांनी मान हलवली. “आप्पासाहेब, तुंग मन एकदा मागं गेला तो गेला.”

“त्या बाबाचा पाय मोडला असता तर?” आप्पासाहेब म्हणाले. पण सर उठले होते.

घरी येऊन त्यांनी जाहीर केलं, की प्रयोग रद्द. मंडळातली पोरं मुकाट निघून गेली. चंद्रप्रभाबाईंनी त्या दिवशी आमटीत मीठ दोनदा घातलं. सरांनी विचारलं, हे रागाचं का विसराळूपणाचं? त्या म्हणाल्या, “जेवा.”

त्याच दिवसांत नात आली होती, मनस्विनी. सरांचा मुलगा मुकुल लातूरला क्लासमध्ये गणित शिकवतो. ज्या लातुरात पोरं डॉक्टर व्हायला दुरून येतात तिथलीच ही पोरगी, डॉक्टर व्हायचं सोडून पुण्याला सिनेमा शिकायला गेली. मुकुलनं दोन दिवस अन्न सोडलं होतं. आजोबांनी पेढे वाटले होते. तर तिला कॉलेजसाठी छोटी फिल्म करायची होती, आजोबा आणि त्यांचा तुंग मन. महिनाभर ती इंटरनेटवर तुंग मनला धुंडाळत होती, सगळी स्पेलिंगं करून. सापडेना. शेवटी नांदेडला येऊन तिनं फोटोवरून माणूस शोधायला भिंतीवरच्या फोटोंपुढं फोन धरला. आधी डाव्या. मग उजव्या.

सर बाहेर गेले होते. चंद्रप्रभाबाई अंबाडी निवडत बसल्या होत्या.

“आजी,” मनस्विनी म्हणाली, “हे दोघं आहेत.”

“दोघं म्हणजे?”

“दोन माणसं. डावीकडचा नट, तुंग मिन. उजवीकडचा दिग्दर्शक, तिंग मन. एकमेकांना ओळखत पण नव्हते बहुतेक. नावाड्याचा पोरगा तो नट. पडदे रंगवणारा तो दिग्दर्शक. आजोबांनी दोघांचं मिळून एक केलंय.”

चंद्रप्रभाबाईंच्या हातातली काडी हातातच राहिली. मग त्या हसायला लागल्या, आणि हसता हसता डोळ्यांना पदर लावला. “आजोबांनी न्हाई गं बाई. तात्यांनी. अन् तात्यांचा पण दोष न्हाई, उर्दूचा हाय.”

तात्यांना म्हातारपणी शिकवायला कुणी उरलं नव्हतं, म्हणून त्यांनी सुनेला दुपारी अलिफ-बे शिकवलं होतं. त्या जोरावर चंद्रप्रभाबाईंनी बोटानं हवेत लिहून दाखवलं. “उर्दूत ऱ्हस्व लिहीतच न्हाईत. त, न, ग. म, न. एवढंच छापलेलं असतंय. त्याला वेलांटी द्यायची का उकार, ते वाचणाऱ्यानं बघायचं. तात्यांनी पहिल्यांदा वाचलं ‘तंग मन’, कोत्या मनाचा. म्हणाले, लेकराचं नाव असं ठेवायला आईबाप काय दुश्मन होते का? म्हणून त्यांनी आपल्या पदरचा एक उकार दिला. तुंग मन. उंच मनाचा. लई खूश झालेते.”

म्हणजे तुंग या नटाचं आणि मन त्या दिग्दर्शकाचं. अर्धं नाव शांघायचं, अर्धं हाँगकाँगचं, आणि शिवण हैदराबादची. तुंग मन नावाचा माणूस जगाच्या पाठीवर जन्मलाच नव्हता. जन्मला असलाच तर तो वजिराबादेत.

“आणि आजी, मेन म्हणजे,” मनस्विनी फोन पुढं करून म्हणाली, “त्या नटानं कधी सोडलंच नाही. ऐंशी ओलांडली तरी कामं करत होता. आणि तो दिग्दर्शक कधी नट नव्हताच. पाठबिठ कुणीच फिरवली नव्हती. मी आजोबांना कॅमेऱ्यासमोरच सांगते, काय चेहरा होईल त्यांचा.”

“खबरदार,” चंद्रप्रभाबाई म्हणाल्या. “मी सांगीन. कॅमेरा बॅगेत घाल.”

म्हणाल्या खऱ्या, पण त्यांना भीती वाटली. न सांगावं तर इच्छा आता जन्मात पुरी होत नाही. सांगावं तर या माणसाच्या पाठीचा कणा काढून घ्यायचा, या वयात. विहिरीत ढकलून पोहायला शिकवतात तसलाच हा प्रकार. पोहला तर बरं. अंबाडी निवडून झाली, धुऊन झाली, तरी त्यांचं ठरेना. सर आले, खुर्चीत बसले, पाणी मागितलं. पाणी देता देता त्यांनी सांगूनच टाकलं.

“अहो, तुमचा तुंग मन एक माणूस न्हाई. दोन हायत.”

सर हसले. “मोठा कलावंत दोन असतोच प्रभा. आतला एक अन् बाहेरचा एक.”

“तसं न्हाई. एक शांघायात अन् एक हाँगकाँगात, एकाच वेळी. दोघांना दोन बायका होत्या.”

मग मनस्विनीनं फोन दाखवला. सर बराच वेळ बघत राहिले. उर्दूचा उलगडाही ऐकून घेतला. उठले, भिंतीपाशी गेले, चष्मा कपाळावर चढवून दोन्ही फोटोंचे कान बघितले. “हाव, खरं हाय,” म्हणाले. बस्स, एवढंच.

दुसऱ्या दिवशी चंद्रप्रभाबाई चहा घेऊन आल्या. मुद्दाम धाडकन आल्या, दारात थांबल्या नाहीत. सरांनी कप घेतला आणि चहा पिऊन टाकला. एवढ्या वर्षांत पहिल्यांदा कुणी त्यांची एंट्री तपासली नाही. आपण हे काय करून बसलो असं त्यांना वाटलं. घरात भांडी आपटली तरी कुणी विचारेना, रागानं का घाईनं.

संध्याकाळी सर स्वयंपाकघराच्या दारात येऊन उभे राहिले.

“त्या पहिल्यानं शेवटपर्यंत काम केलं म्हणे?”

“हाव. ऐंशीच्या वर.”

सर चौकटीचा टवका नखानं काढत राहिले. “या वयात... विसरत नसंल का तो?”

चंद्रप्रभाबाईंनी गॅस बारीक केला. ती झाकली मूठ अशी आपल्यासमोर उघडी होईल असं त्यांना वाटलं नव्हतं. मागं वळून न बघताच त्या म्हणाल्या, “विसरत असंल की. माणूसच होता.”

“अन् मग?”

“मग काय. आठवलं की पुढं बोलत असंल.”

सर ‘हूं’ म्हणाले आणि त्यांनी नातीला हाक मारली. मनस्विनीनं तुंग मिनच्या म्हातारपणीच्या सिनेमाचा एक तुकडा लावला. म्हातारा नावाडी होडीत बसून चहा ओततो, एवढंच. दात नाहीत, पाठीला बाक. ज्याला आयुष्यभर पुजलं त्याला सर पहिल्यांदा हलताना बघत होते. त्यांनी तो तुकडा पुन्हा लावायला सांगितला. पुन्हा.

“हात बघ प्रभा. काय सुंदर थरथरून राहिलेत.”

“वयानं असंल.”

“वयानंच. पण वापरलेत कसे बघ.” मग जरा वेळानं म्हणाले, “आप्पासाहेबांची टोपी मला मोठी होईल का?”

टोपी मोठी झाली. आत वर्तमानपत्राची घडी घातल्यावर बसली. तालमी पुन्हा सुरू झाल्या, पण नवाच घोळ. सर बोलता बोलता मध्येच थांबून स्वतःलाच रागवायचे, आणि रागावलेलं स्वतःच मनाला लावून घ्यायचे. शेवटी कंटाळून म्हणाले, “प्रभा, तूच बस समोर अन् बघ.” चंद्रप्रभाबाई खुर्ची घेऊन बसल्या. स्टेशनमास्तर आत आला, तरातरा चालत फलाटाच्या मध्ये. बाईंनी हात वर केला.

“दारात थांबला का न्हाईत? एंट्री हाय ती.”

मंडळातली पोरं हसून लोळली. सर मुकाट्यानं परत गेले आणि दारात थांबून आत आले. या वेळी बाईंनी हात वर केला नाही.

लातूरला प्रयोगाच्या दिवशी आप्पासाहेब प्लास्टरसकट पहिल्या रांगेत, पाय समोरच्या स्टुलावर, मांडीवर केळी. मुकुल क्लास सोडून आला होता, हीच मोठी बातमी. त्यानं आईसाठी पुढं जागा धरली होती. ती म्हणाली, मी तिसऱ्या रांगेत बसणार. का, ते सांगितलं नाही. मनस्विनी कॅमेरा घेऊन कडेला उभी होती.

तिसरी घंटा झाली, पडदा वर गेला. स्टेशनमास्तर दारात थांबला. अंगातला कोट ढगळ, टोपी कानापर्यंत. जरासा थांबला आणि आत आला. चंद्रप्रभाबाईंना उदगीरचा मांडव आठवला, बहिणी आठवल्या, आणि त्या सरळ रडायला लागल्या. शेजारच्या बाईला वाटलं, नाटक दुःखाचं आहे.

दुःखाचं नव्हतं, लोक हसत होते. म्हातारा नसलेल्या गाडीची वेळ सांगत होता, उशीर झाल्याबद्दल माफी मागत होता. हात थरथरत होते आणि तो ते वापरत होता. शेवटचा प्रवेश आला. सगळे गेलेत, म्हातारा एकटा, त्याचं लांबलचक भाषण. सर पुढं आले, तोंड उघडलं. आणि शब्द आला नाही.

चंद्रप्रभाबाईंना आधी कळलं. डावा अंगठा बोटांवर फिरायला लागला, तेव्हाही फिरला होता. विंगेतून कुणीतरी कुजबुजलं. नाट्यगृह गप्प झालं. मग कुणी खाकरलं. त्यांनी खुर्चीचा हात घट्ट धरला. विहिरीत आपणच ढकललंय, आपणच, असं त्या मनात म्हणत राहिल्या.

स्टेशनमास्तरनं सावकाश टोपी काढली. आतली वर्तमानपत्राची घडी खाली पडली, ती उचलली, खिशात घातली. नसलेल्या रुळांकडं एकदा बघितलं. आणि विंगेच्या दिशेनं, थकलेल्या पण खणखणीत आवाजात म्हणाला,

“घंटा द्या हो. सोडा म्हाताऱ्याला घरी.”

नाट्यगृह हसलं, आणि हसता हसता मध्येच थांबलं. आतल्या पोराला सुचलं, त्यानं खरोखरच स्टेशनची घंटा दिली. टण्, टण्. ती वाजली आणि सरांना पुढचं सगळं आठवलं, ओळ न ओळ. पण त्यातलं ते फारसं बोलले नाहीत. बोलायची गरज उरली नव्हती.

प्रयोगानंतर एक परीक्षक आत आले. म्हणाले, सर, ते घंटेचं वाक्य म्हणजे नाटकाचा प्राण आहे, संहितेत कसं नाही? सर तोंडाचा रंग पुसत होते. “माझं न्हाई ते,” म्हणाले. “लातूरच्याच एका प्रेक्षकानं दिलेलं हाय, फार मागं. जपून ठेवलंतं.” परीक्षकांना वाटलं, विनम्रता.

बाहेर मंडळी चहाला थांबली. आप्पासाहेब केळी वाटत होते आणि जो भेटेल त्याला सांगत होते, ते काम खरं माझं हाय म्हणून. सर चंद्रप्रभाबाईंना घेऊन जरा बाजूला, बाकावर बसले. कानामागं अजून रंग राहिला होता. बाईंनी पदरानं पुसला.

“एक सांगू का?” त्या म्हणाल्या. इतकी वर्षं जे ओठांवर येऊ दिलं नव्हतं ते आता सहज आलं. “तेव्हाच्या त्या नाटकाला मी तिसऱ्या रांगेत होते. सगळं बघितलंतं मी.”

“ठाऊक हाय.”

“ठाऊक हाय म्हणजे?”

“मोरपंखी पैठणी होती अंगावर.” सर चहात फुंकर घालत म्हणाले. “तीच बघून तर विसरलो.”

यांगत्से, शांघाय, हाँगकाँग, एवढं सगळं जग हा माणूस फिरून आला होता, आणि कारण काय, तर एक लुगडं. मग चंद्रप्रभाबाईंनी अंगावरच्या साध्या सुती साडीकडं बघितलं.

“अन् आज?” त्यांनी विचारलं. “आज कशानं विसरलात?”

“आज वयानं,” सर म्हणाले. “चष्मा काढून ठेवलाता. मुद्दाम.”

चहा तोवर निवला होता. दोघांनी तसाच प्याला.